ग्रिडव्ह्यूत शेतकऱ्याचं गाव दिसूनच नाई राह्यलं

कपाशीवाला_कोडर:
राजेहो, घाटंजीकडच्या एका जिनिंगसाठी कापसाच्या आवकीचा प्रोग्राम लिहून राह्यलो, एएसपी डॉट नेट वेबफॉर्म्समधे (मायक्रोसॉफ्टचं वेबपानं बनवायचं साधन), जुनं आहे माहीत आहे पण तिथं तेच चालते. काटापावतीच्या क्लासमधे नंबर, वजन अन् 'शेतकरी' ऑब्जेक्ट, त्याच्या पोटात आणखी 'गाव' ऑब्जेक्ट. ग्रिडव्ह्यूत, म्हंजे पानावरच्या तक्त्यात, नंबर-वजन बरोबर येते, पण बाउंडफील्डच्या (तक्त्याचा साधा रकाना) डेटाफील्डमधे शेतकरी.गाव.नाव टाकलं की अशी प्रॉपर्टीच सापडत नाई म्हणते. दोन रात्री गेल्या, दिवसा लाइन नसते. दसऱ्यानंतर गाड्या लागतीन, काहीतरी सांगा बाप्पा.

वर्धेवाला:
भाऊ, बाउंडफील्डले टिंब समजतच नाई. 'शेतकरी.गाव.नाव' हे अख्खं एकाच प्रॉपर्टीचं नाव समजून शोधते, मंग सापडंन कुठून. टेम्प्लेटफील्ड (आपल्या मनानं मांडायचा रकाना) घे, आयटमटेम्प्लेटमधे लिही
<%# ईव्हॅल("शेतकरी.गाव.नाव") %>
ईव्हॅल एकेक टिंब उतरत आत जाते, अन् मधात कुठं नल (म्हंजे काहीच नसलेलं) लागलं तर बोंबलत नाई, कप्पा रिकामा ठेवते.

रात्रपाळी:
वर्धेवाल्याचं बरोबर आहे पण मले ईव्हॅल आवडत नाई, स्पेलिंग चुकलं तर पेज चालवल्यावरच कळते. मी ग्रिडले द्यायच्या आधीच लिंकनं (LINQ, सी शार्प भाषेतली क्वेरी लिहायची सोय) सपाट करून घेतो, सिलेक्टमधे गावनाव = प.शेतकरी.गाव.नाव, मंग साधं बाउंडफील्ड चालते. फक्त लिस्ट मेमरीत असंल तर इथं नल आलं की फुटते, म्हणून टिंबाऐवजी ?. लाव (नल असंल तर पुढं न जाता नलच देते), सी शार्प ६ पासून आहे. एंटिटी फ्रेमवर्कच्या (डेटाबेसशी बोलणारी लायब्ररी) क्वेरीत मात्र ?. कंपाइलच होत नाई, तिथं लावू नको.

अन् ईव्हॅलच ठेवलं अन् लेझी लोडिंग (लागंल तवाच डेटाबेसमधून आणणं) चालू असलं तर इन्क्लूड (सगळं संगंच आणायले सांगणं) विसरू नको, नाईतर शेतकऱ्यासाठी एक क्वेरी, गावासाठी एक, पान उघडता उघडता चहा होते.

वेणी_फाटा:
एजी ग्रिडमधे (जावास्क्रिप्टचा तक्ता) फील्डमधे टिंब सरळ चालते बे, कायले जुन्यात अडकता 😄

कपाशीवाला_कोडर:
@वेणी_फाटा तिथला कॉम्प्युटर पाह्यला असता तर नसतं विचारलं.
टेम्प्लेटफील्डनं जमलं! पण गावाच्या हेडिंगवर क्लिक केलं तर सॉर्ट होत नाई?

वर्धेवाला:
टेम्प्लेटफील्डले सॉर्टएक्सप्रेशन (कशावरून क्रम लावायचा ते) हातानं द्या लागते. अन् लिस्ट थेट डेटासोर्सले लावली असंल तर सॉर्टिंग इव्हेंटमधे क्रम तूच लाव, ग्रिड आपल्या मनानं नाई लावत.

कपाशीवाला_कोडर:
झालं. पाच पावत्यांचं गाव तरी रिकामंच होतं, अर्धी रात्र कोड चाळला, तं दिवाणजीनं गावच भरलं नोतं.