मदत हवी आहे: आजोबांचं पॅराशूट रेशमाचं की आणखी कशाचं?

नमस्कार मंडळी. मी साताऱ्याची. गावच्या घरी माळ्यावरच्या पेटीत आजोबांचं पॅराशूट आहे, म्हणजे त्याचं निम्मं कापड. बाकीचं गोठ्याला आडोसा करण्यात गेलं. उरलेल्यावर वर्षानुवर्षं हळद वाळवल्यामुळे ते पिवळंधमक झालंय. आजोबा मराठा पलटणीत होते, ब्रह्मदेशच्या लढाईत होते, १९४६ ला घरी आले. "आजोबांनी या रेशमी छत्रीनं विमानातनं उडी मारली" हे आम्ही नातवंडं लहानपणापासून ऐकत आलोय.

येत्या १५ ऑगस्टला गावच्या शाळेत माजी सैनिकांच्या घरातल्या वस्तू मांडणार आहेत. आमच्या कापडाखालची पाटी मी लिहायची आहे. त्यात एक अक्षर खोटं नको, म्हणून वाचायला बसले आणि तिथंच अडकले.

फ्रान्समधल्या लनॉर्माँनं २६ डिसेंबर १७८३ ला माँपेलिएच्या वेधशाळेच्या मनोऱ्यावरून लाकडी सांगाड्याच्या छत्रीनं उडी घेतली. 'पॅराशूट' हा शब्दही त्याचाच, अर्थ 'पडण्यापासून रक्षण'. मग २२ ऑक्टोबर १७९७ ला आंद्रे-जाक गार्नेरॅं पॅरिसमध्ये फुग्यातून साधारण एक किलोमीटर उंचीवर गेला आणि रेशमी छत्रीला टांगलेल्या टोपलीत बसून खाली आला. छत्रीत कोंडलेली हवा कधी या कडेनं तर कधी त्या कडेनं निसटायची, त्यामुळे टोपली घंटेच्या लोलकासारखी झोके घेत होती. पुढे हवेला वाट मिळावी म्हणून छत्रीच्या माथ्याला भोक ठेवायला लागले. त्यानंतरच्या प्रत्येक चित्रात मला ते भोक दिसतं.

आमच्या कापडाचा माथ्याचा भाग शाबूत आहे आणि तिथे भोक नाही. शिवाय कापड हाताला चक्क तरटासारखं लागतं. दोऱ्याही त्याच जातीच्या. हे पॅराशूट तरी आहे का? जाणकारांनी कृपया सांगावं.

प्रतिसाद १
ताई, कडेचा एकच धागा काढून चिमट्यात धरून जाळून बघा. रेशीम जळताना केस जळल्याचा वास येतो आणि राख बोटानं चुरली जाते. नायलॉन वितळून त्याचा कडक मणी होतो. युद्धात जपानचं रेशीम बंद झालं तेव्हा अमेरिकेत नायलॉनची पॅराशूट व्हायला लागली, तेव्हा तीही शक्यता धरा. सुती किंवा तागाचा धागा कागदासारखा भुरूभुरू जळतो.

मूळ धागाकर्ती
जाळून बघितला. वास जळक्या कागदाचा, राख मऊ करडी, मणी नाही. म्हणजे रेशीम नाही आणि नायलॉनही नाही. खरं सांगते, थोडं वाईट वाटलं.

प्रतिसाद २
वाईट वाटून घेऊ नका, तुमच्याकडे रेशमापेक्षा दुर्मिळ वस्तू असावी. ब्रह्मदेशच्या आघाडीवर ब्रिटिश जनरल स्लिम यांच्या चौदाव्या आर्मीला रस्ते नव्हते. १९४४ मध्ये जपान्यांनी इंफाळ वेढलं तेव्हा तर रसद आली ती विमानानंच. एवढ्या सामानाला पुरतील इतकी पॅराशूट मिळेनात. मग कलकत्त्याच्या तागाच्या गिरण्यांना हाताशी धरून अख्खं पॅराशूट तागाचं केलं, दोऱ्यांसकट. त्याला 'पॅराजूट' म्हणत. नेहमीच्या पॅराशूटची किंमत वीस पौंडांच्या वर जायची, हे साधारण एका पौंडात व्हायचं. माथ्याला भोक ठेवायची गरज नव्हती, कारण विणच अशी होती की हवा कापडातूनच हवी तेवढी निघून जायची. भरवसा नेहमीच्या पॅराशूटच्या ८५ टक्के. म्हणून हे सामानासाठी होतं, माणसासाठी नाही.

उडीची गोष्ट घरात कशी आली असेल, त्याचा माझा एक अंदाज. मराठा लाइट इन्फन्ट्रीची तिसरी बटालियन युद्धानंतर पॅराशूट बटालियन झाली. तीच आजची २ पॅरा, ११ डिसेंबर १९७१ ला बांगलादेश युद्धात टांगाइलला पॅराशूटनं उतरलेली. आपल्याकडे मराठा पलटण आणि पॅराशूट हे दोन शब्द तेव्हापासून एकत्रच ऐकू येतात. घरातल्या सगळ्यात जुन्या माणसाला एकदा विचाराच.

मूळ धागाकर्ती
काल गावी जाऊन आज्जीला विचारलं. वय नव्वदीच्या पुढे, पण बोलणं स्वच्छ. ती म्हणाली, "उडी-बिडी कुठली मारत्यात? ते चालत गेलेले अन् चालत आलेले. वरनं डाळ-तांदूळ पडायचं, गूळ पडायचा, म्हणायचे. हे फडकं पडलं नसतं तर उपाशी मेलो असतो, म्हणून संगं आणलं." मी विचारलं, मग इतकी वर्षं बोलली का नाहीस? तर म्हणे, "मला इचारलं कुणी?"

पाटी अशी लिहिते: 'तागाचं पॅराशूट, ब्रह्मदेश आघाडी. याला बांधून जवानांसाठी आकाशातून शिधा येत असे.' चालेल ना? आणि मांडण्याआधी कापड धुवावं का? हळदीचे डाग फार आहेत.

प्रतिसाद २
पाटी उत्तम. आज्जींचं वाक्यही जसंच्या तसं खाली घाला. धुऊ मात्र नका, ताग ओला झाला की कमजोर होतो आणि हे तर जुनं कापड. सावलीत पसरून मऊ ब्रशनं धूळ काढा. प्रदर्शनात उन्हाच्या खिडकीसमोर टांगू नका. नंतर घडी न घालता जाड पुठ्ठ्याच्या नळीवर गुंडाळा आणि वरून जुनं धुतलेलं सुती लुगडं. हळद राहू द्या.