लष्करप्रमुखाने निवृत्तीनंतर मतं मागावीत का? निमित्त जनरल जे. जे. सिंग

खानापूरकर

मराठा लाइट इन्फंट्रीतून आजवर एकच अधिकारी देशाचा लष्करप्रमुख झाला, जनरल जोगिंदर जसवंत सिंग. निवृत्तीला दहा वर्षं होत आली असताना तोच माणूस पतियाळात विधानसभेला उभा राहिला आणि डिपॉझिट घालवून बसला. हे दुसरं वाक्य लिहिताना मला त्रास होतो, म्हणून हा धागा.

ज्यांना फारसं माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. जन्म १७ सप्टेंबर १९४५, बहावलपूर संस्थानात, म्हणजे आजच्या पाकिस्तानात. आजोबा फौजेत, वडील फौजेत, हे तिसऱ्या पिढीचे. १९६४ साली कमिशन मिळालं ते मराठा पलटणीत. सरदार माणूस, पण अधिकारी म्हणून घडले ते आपल्या गणपतांबरोबर, म्हणजे मराठा जवानांबरोबर. बारामुल्ला भागात ब्रिगेड कमांडर असताना दहशतवाद्यांशी झालेल्या चकमकीत जखमी झाले. कारगिलच्या वेळी दिल्लीत मिलिटरी ऑपरेशन्सला अतिरिक्त महासंचालक होते. पुढे पश्चिम कमांडचे प्रमुख, आणि ३१ जानेवारी २००५ ते ३० सप्टेंबर २००७ लष्करप्रमुख. या पदावरचे पहिले शीख, तेही पहिले शीख पंतप्रधान कारभार बघत असताना. रेजिमेंटचे कर्नल, म्हणजे मानद प्रमुख, हेही तेच होते. बेळगावच्या मराठा सेंटरशी नातं आहे ते असं.

इथपर्यंत सगळं झकास. पुढे २००८ ते २०१३ अरुणाचल प्रदेशचे राज्यपाल. २०१७ ला अकाली दलाचं तिकीट, समोर कॅप्टन अमरिंदर सिंग. २०२२ ला भाजपमध्ये प्रवेश.

माझं म्हणणं सरळ आहे. आमदार-खासदार होण्याचा हक्क त्यांना आहे, कायद्यात कुठेही आडकाठी नाही. पण लष्करप्रमुख झालेल्या माणसाने पक्षाचा झेंडा हातात घेऊ नये. मतदारापुढे जाताना तो एकटा जात नाही, पलटणीची अडीचशे वर्षांची पुण्याई बरोबर घेऊन जातो. ती त्याच्या एकट्याच्या नावावर नाही.

माजी सुभेदार, हिंडलगा

अहो खानापूरकर, डिपॉझिट गेलं म्हणजे इज्जत गेली, असं तुम्हाला कोण सांगितलं? निवडणूक हाय ती. कोण तरी जिंकणार, कोण तरी पडणार.

मी मराठा पलटणीत चोवीस वर्षं काढलोय. आमच्या रेजिमेंटला येणारा अधिकारी पंजाबी असू दे नाही तर मल्याळी, जवानाची भाषा त्याला शिकावीच लागते. लंगरात आमच्याबरोबर बसून पिठलं-भाकरी खाणारे सरदार अधिकारी मी बघितलोय. "बोल श्री छत्रपती शिवाजी महाराज की जय" म्हणताना त्यांचा आवाज आमच्यापेक्षा वरचढ असायचा. अशा माणसानं रिटायर झाल्यावर काय करावं? चंदीगडला गोल्फ खेळत बसावं?

मी स्वतः पेन्शन आल्यावर गावच्या पंचायतीला उभा राहिलो आणि निवडून आलो. तवा कोणी धागा काढला नाही. सुभेदारानं उभं राहिलं तर "माजी सैनिक, शिस्तीचा माणूस" आणि जनरलनं राहिलं तर पाप? हा कुठला न्याय?

वकीलबाई

सुभेदार काका, तुमच्या पंचायतीत आणि पतियाळात एक मोठा फरक आहे. कर्नाटकात ग्रामपंचायतीची निवडणूक पक्षाच्या चिन्हावर होत नाही. तुम्ही तुमच्या नावावर निवडून आलात. खानापूरकरांचा आक्षेप झेंड्याला आहे.

आणि कायद्याचंच बोलायचं तर घटनाकारांनी हा विचार केलेला आहे, फक्त लष्करापुरता केला नाही. कलम १४८ वाचा. देशाचा महालेखापरीक्षक एकदा त्या खुर्चीवरून उतरला की केंद्र किंवा राज्य सरकारचं कुठलंही पद घेऊ शकत नाही. लोकसेवा आयोगाच्या अध्यक्षालाही कलम ३१९ ने तशीच बंधनं घातलीत. कारण उघड आहे, पुढच्या पदाची आशा असेल तर आजचा शेरा सरकारच्या बाजूने झुकेल. लष्करप्रमुखाच्या बाबतीत अशी तरतूद नाही. का नाही, हा खरा प्रश्न आहे.

निवडणूक लढवण्याला मात्र महालेखापरीक्षकालाही बंदी नाही. तेव्हा कलम १४८ मागच्या विचाराचा आधार घ्यायचाच तर तो राज्यपालपदासारख्या नेमणुकीविरुद्ध घेता येतो, पतियाळाविरुद्ध नाही. खानापूरकर, तुम्ही चुकीच्या ठिकाणी बोट ठेवलंय.

जुन्या बाजारातला

हे सगळं जे. जे. सिंगांपासून सुरू झालं असं कुणी समजू नये. पहिले भारतीय सेनाप्रमुख करिअप्पा, आपल्याच राज्यातल्या कोडगूचे. १९५३ ला निवृत्त झाले आणि नेहरूंनी त्यांना ऑस्ट्रेलिया-न्यूझीलंडला उच्चायुक्त म्हणून पाठवलं. लोकप्रिय सेनापती देशाबाहेर बरा, असं तेव्हाही बोललं गेलं. हेच करिअप्पा १९७१ ला मुंबईतून लोकसभेला उभे राहिले आणि पडले. पुढे १९८६ ला फील्ड मार्शल झाले. पराभवाने त्यांचं काही वाकडं झालं नाही, आज कुणाला ती निवडणूक आठवतही नाही.

नंतरचे लष्करप्रमुख तिमय्याही कोडगूचेच. ते संयुक्त राष्ट्रांच्या फौजेचे प्रमुख म्हणून सायप्रसला गेले आणि १९६५ ला तिथेच वारले.

आणि आपल्या बाजूचे थोरात. लेफ्टनंट जनरल एस. पी. पी. थोरात, कोल्हापूरकडचे. १९६० च्या सुमाराला पूर्व कमांडवर असताना चीन नेफात, म्हणजे आजच्या अरुणाचलात, कसा घुसेल याचा अंदाज त्यांनी कागदावर मांडून दिला होता. तिमय्यांनी आपल्या जागी त्यांचं नाव सुचवलं होतं, सरकारने थापर यांना नेमलं. बासष्टला काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे. एवढं बरोबर ठरूनही थोरातांनी कुठल्या पक्षाचं व्यासपीठ गाठलं नाही. महाराष्ट्र लोकसेवा आयोगाचे अध्यक्ष झाले, कोल्हापुरात राहिले. तोंड उघडलं असतं तर कितीजण अडचणीत आले असते! मला हा माणूस जास्त मोठा वाटतो. हे माझं मत, कायदा नाही.

खानापूरकर

वकीलबाई, तुमचा मुद्दा अर्धा मान्य. पण झेंड्याचा त्रास कुठे होतो ते सांगतो.

२००६ ला सियाचीनमधून दोन्ही फौजा मागे घेण्याबद्दल भारत-पाकिस्तान बोलणी बरीच पुढे गेली होती. आज कोण कुठे उभा आहे हे आधी नकाशावर दोघांनी सही करून मान्य करा, मगच माघार, अशी आपल्या लष्कराची अट होती. तेव्हाचे परराष्ट्र सचिव श्याम सरण यांनी पुढे लिहिलं की तोडगा तयार होता, पण ऐनवेळी राष्ट्रीय सुरक्षा सल्लागार नारायणन यांनी विरोध केला आणि लष्करप्रमुख सिंग त्यांच्या बाजूला गेले. ही सरण यांची एक बाजू झाली. मला स्वतःला लष्कराची अट रास्तच वाटते. सियाचीनशेजारच्या साल्टोरो डोंगररांगेची उंची एकदा सोडली आणि समोरचा वर येऊन बसला, तर ती परत घेताना किती पोरं जातील?

पण आता बघा. प्रमुखाने सरकारला दिलेला हा सल्ला होता. तोच माणूस एका पक्षातून दुसऱ्या पक्षात जातो, तेव्हा कुणीही उठून म्हणू शकतो, "तेव्हापासूनच यांचं काहीतरी शिजत होतं." तसं काही शिजत नसणार, पण संशयाला जागा मिळते. खाली शिपायाला राजकारण बोलायची बंदी, सभेला जायची बंदी. वरच्या माणसाने वर्दी उतरवल्यावर ती शिस्त निदान मनाने पाळावी.

माजी सुभेदार, हिंडलगा

मनानं पाळावी म्हणजे काय? पेन्शनीला बसलेला माणूस आर्मी ॲक्टखाली येत नाही. आम्ही उभं आयुष्य तोंड बंद ठेवून काढलोय, आता बोलू नको म्हणता?

आणि संशयाचं म्हणाल तर जनरल वैद्य बघा. अलिबागचे, दोनदा महावीर चक्र. जानेवारी ८६ ला रिटायर होऊन पुण्यात राहायला आले. राजकारण नाही, तिकीट नाही, काही नाही. १० ऑगस्टला त्यांना गोळ्या घातल्या, का, तर ते प्रमुख असताना सुवर्णमंदिरात फौज गेली. राजकारणापासून लांब राहिलं म्हणजे राजकारण आपल्याला सोडतं असं समजू नका.

सीमावासी

मला वेगळंच खटकतं. पतियाळाला मतदान झालं ४ फेब्रुवारी २०१७ ला. ४ फेब्रुवारी म्हणजे मराठा दिन! तानाजीने कोंढाणा घेतला त्याची आठवण म्हणून सगळ्या मराठा पलटणी हा दिवस पाळतात. इकडे सेंटरमध्ये मराठा दिन आणि तिकडे रेजिमेंटचा एकुलता एक लष्करप्रमुख मतं मागतोय. त्यापेक्षा त्यांनी बेळगावला येऊन सीमाप्रश्नावर चार शब्द बोलले असते तर मराठी माणसाने त्यांना डोक्यावर घेतलं असतं. आपल्या रेजिमेंटचा माणूस होता तो.

वकीलबाई

तारीख निवडणूक आयोगाने ठरवली, सिंगांनी नाही. आणि मतदानाच्या दिवशी प्रचार बंद असतो, तेव्हा "मतं मागतोय" हेही बरोबर नाही. सीमाप्रश्नाचा दावा २००४ पासून सर्वोच्च न्यायालयात आहे. त्यात एका माजी लष्करप्रमुखाने एका राज्याच्या बाजूने उभं राहावं ही अपेक्षा म्हणजे पक्षाच्या झेंड्यापेक्षाही वाईट. त्याच रेजिमेंटमध्ये कन्नड बोलणारी पोरंही भरती होतात, त्यांनी मग काय समजायचं?

माजी सुभेदार, हिंडलगा

बाई बरोबर बोलली. माझ्या सेक्शनमध्ये गोकाकचा होता एक, घरी कन्नड बोलायचा. घोषणा देताना त्याला कोण विचारलं नाही तुझी मातृभाषा कुठली. पलटणीला ह्या भांडणात ओढू नका.

कडोलीचा पोरगा

तुम्ही सगळी मोठी माणसं, माफ करा, पण दहा वर्षांमागच्या एका जनरलच्या डिपॉझिटवरनं भांडताय. पहाटे पाचला आमच्या रस्त्यावर या. वीस-पंचवीस पोरं सोळाशे मीटर पळायलेली असतात, शेताच्या बांधावर चिनिंगचा बार रोवलाय. २०२२ पासनं भरती म्हणजे अग्निवीर. चार वर्षं नोकरी, शंभरातले पंचवीस ठेवणार, बाकीचे घरी. सुभेदार काका, तुम्हाला पेन्शन मिळालं म्हणून तुम्ही आरामात पंचायतीला उभं राहिला. आमच्यातला जो बाविसाव्या वर्षी परत येईल तो काय करणार?

म्हणून मला वाटतं, उभं राहू दे जनरलना. सभागृहात फौजेतलं कोण तरी पाहिजे, ज्याला कसम परेडला उभं राहणं काय असतं ते माहीत हाय. पण निवडून आल्यावर बोला आमच्याबद्दल.

जुन्या बाजारातला

पोरा, तुझा प्रश्न खरा आहे, पण त्याला जनरल हे उत्तर नाही. व्ही. के. सिंग २०१२ ला लष्करप्रमुखपदावरून उतरले, २०१४ ला गाझियाबादहून खासदार झाले, मंत्री झाले. अग्निपथ आली तेव्हा ते सरकारमध्येच होते आणि योजनेची बाजू मांडत होते. पक्षात गेलेला जनरल पक्षाचं बोलतो. त्यात त्यांचा दोष नाही, पक्ष असाच चालतो.

जे. जे. सिंगांचंच उदाहरण घे. राज्यपाल असताना, २००९ ला, अरुणाचलच्या सीमेवर आणखी दोन डिव्हिजन येणार असं त्यांनी जाहीर सांगितलं आणि चीनमध्ये लगेच आरडाओरड झाली. ते बोलू शकले कारण पक्षाचं ओझं नव्हतं आणि तो मुलूख त्यांना ठाऊक होता. माझ्या मते त्यांच्या निवृत्तीनंतरच्या आयुष्यातलं सगळ्यात उपयोगी काम अरुणाचलातलंच. म्हणजे वकीलबाई ज्या पदाला हरकत घेतायत, नेमकं तेच त्यांना शोभलं.

खानापूरकर

चर्चा बरीच फिरली, तेव्हा मी काय मागतोय ते नीट मांडतो. निवृत्तीनंतर पाच वर्षं लष्करप्रमुखाला पक्षात प्रवेश नाही, सरकारी नेमणूक नाही, एवढा कायदा व्हावा. खाजगी कंपनीत जायचं तर अधिकाऱ्याला वर्षभर सरकारची परवानगी काढावी लागते, मग पक्षासाठी काहीच का नको? शिवाय प्रचाराच्या फलकावर वर्दीतला फोटो नको, हुद्दा नको.

वकीलबाई

फोटोबद्दल निवडणूक आयोगाने २०१३ ला आणि पुन्हा २०१९ ला पक्षांना बजावलेलं आहे, सैन्याची छायाचित्रं प्रचारात वापरू नका म्हणून. किती पाळलं जातं ते आपल्याकडच्या चौकाचौकात दिसतंच. हुद्द्याचं अवघड आहे. निवृत्त अधिकारी हुद्दा नावाला लावू शकतो, तो काढून घ्यायचा कशाच्या आधारावर?

माजी सुभेदार, हिंडलगा

खानापूरकर, हिशेब करा की जरा. पाच वर्षं म्हणता. सिंग साहेब २००७ ला उतरले, निवडणूक २०१७ ची. तुमचा कायदा लावला तरी ते पतियाळाला पात्रच होते. मग एवढा धागा कशाला काढला?

खानापूरकर

राज्यपालपद अडकलं असतं माझ्या नियमात, ते चार महिन्यांत मिळालं होतं. पतियाळाचं म्हणाल, तर कायद्याने सुटतात, पण मला पटत नाही ते नाहीच. सगळंच कायद्यात बसवता येत नाही. समोर अमरिंदर सिंग, ते स्वतः शीख रेजिमेंटचे, पासष्टच्या युद्धात पश्चिम कमांडच्या प्रमुखाचे एडीसी, म्हणजे वैयक्तिक मदतनीस अधिकारी. त्याच कमांडचा पुढचा एक प्रमुख त्यांच्याविरुद्ध उभा. त्यांना ७२ हजारांवर मतं आणि आपल्या माणसाला बारा हजारही नाहीत. माजी कॅप्टनकडून माजी लष्करप्रमुखाचा असा पराभव बघायला तुम्हाला बरं वाटलं?

माजी सुभेदार, हिंडलगा

बरं वाटलं नाही. पण मतपेटीला रँक कळत नाही, आणि कळू पण नये. कॅप्टननं लोकांत राहून मतं मिळवली, जनरल उशिरा गेले.

पुढच्या पंचायतीला मी परत उभा राहणार हाय. पोस्टरवर वर्दीतला फोटो नको म्हणताय, नाही लावणार. पण नावाच्या पुढचं सुभेदार काढणार नाही. ज्याला हरकत असेल त्यानं बाईंकडनं नोटीस पाठवावी.