घुमरा मासा पुराआधी का घुमतो? एका कल्पित प्रदेशाविषयी शंका

पाणकावळा (कोल्हापूर):
नमस्कार. पाच नद्यांच्या संगमाखाली वसलेले नगर आणि पश्चिमेला पावसाळाभर ढगांत बुडालेला घाट, अशा एका कल्पित प्रदेशावर मी कादंबरी लिहीत आहे. मूळ नकाशा पंचगंगेचाच आहे, हे येथे लपवण्यात अर्थ नाही. या नदीत मी घुमरा नावाचा मासा कल्पिला आहे. तो हातभर लांब असतो, त्याची पाठ शेवाळी रंगाची, अंगावर खवले नाहीत आणि तोंडाजवळ चार मिशा. पूर येण्यापूर्वी तो डोहाच्या तळाशी घुमू लागतो आणि नगरातील लोक तो आवाज ऐकून गुरे व धान्य उंचावर हलवतात. नाव ठेवताना 'घुमणे'चे दोन्ही अर्थ मनात होते : घुमटात आवाज घुमतो तसा, आणि देवी अंगात आल्यावर माणूस घुमतो तसा.

पहिली प्रकरणे वाचून धाकट्या बहिणीने विचारले, "पण माणसांना वर्दी देऊन माशाला काय मिळते?" या प्रश्नाचे उत्तर माझ्याकडे नाही. ही जादू आहे असे म्हणून पुढे जावे, की कारण द्यावे? शिवाय एवढा उपकारी मासा तेथील लोक खातात की नाही, हेही ठरत नाही.

शिंगटी:
आपल्या बहिणीचा प्रश्न अगदी योग्य आहे. मी मत्स्यशास्त्राची विद्यार्थिनी असल्यामुळे जादूची पळवाट मला रुचणार नाही, आणि येथे तिची गरजही नाही. आवाज करणारे मासे खरोखरच असतात. आपल्या नदीतली शिंगटी गळाला लागली की काट्याच्या सांध्यातून करकर आवाज काढते. अमेरिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील मिडशिपमन माशाचा नर तर विणीच्या काळात वाताशयाभोवतीचे, म्हणजे पोटातील हवेच्या पिशवीभोवतीचे, स्नायू कंप पावते ठेवून रात्रभर गुणगुणतो, आणि सॅन फ्रान्सिस्कोजवळ तरत्या घरांत राहणाऱ्यांची त्या आवाजाने झोपमोड झालेली आहे. तो आवाज मादीसाठी असतो.

घुमऱ्यालाही तेच कारण द्यावे. गगनबावडा आणि राधानगरीकडे पाऊस कोसळत असताना कोल्हापुरात कधी कधी ऊन असते आणि तरीही नदी चढत जाते, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. घाटातले थंड, गढूळ नवे पाणी डोहात पोहोचले की घुमऱ्याचे नर घुमून थवा गोळा करतात. मग सगळे चढणीला लागून, म्हणजे प्रवाहाविरुद्ध वर जाऊन, ओढ्यांत आणि पाणी भरलेल्या भातखाचरांत अंडी घालतात, कारण मुख्य प्रवाहात घातलेली अंडी पुरात टिकणार नाहीत. म्हणजे घुमरा पुराची वर्दी देतच नाही. तो आपल्या लग्नाची वाजंत्री वाजवतो आणि माणसे तिच्यावरून पुराचा अंदाज बांधतात.

एक दुरुस्ती मात्र करावी लागेल. उथळ पाण्यात खर्जातला आवाज दूरवर जात नाही आणि पाण्यातून हवेत तर त्याचा फारच थोडा अंश येतो. त्यामुळे काठावर उभे राहून संपूर्ण नगराने तो ऐकणे शक्य नाही. नावेच्या तळाला कान लावून बसणारी माणसे लागतील. त्यांचे वंशपरंपरागत वतन कल्पिता येईल, आणि वतन म्हटले की भाऊबंदकी आलीच.

वाडीचा घाट:
मी शिरोळ तालुक्यातला आहे, म्हणून खालच्या अंगाने लिहितो. पूर नेहमी वरूनच येतो, असे आपण दोघांनीही गृहीत धरले आहे. कृष्णा तुडुंब भरलेली असली की नृसिंहवाडीच्या संगमापाशी पंचगंगेच्या पाण्याला पुढे वाट मिळत नाही, त्याला फुगवटा येतो आणि ते मागे मागे शिवारात पसरत जाते. हे पाणी नवे नसते आणि त्याला ओढही नसते. वर सांगितलेला नियम खरा मानला, तर अशा पुरात घुमरा घुमणार नाही. नावेत कान लावून बसलेला वतनदार नेकीने "डोह शांत आहे" असे सांगेल आणि पहाटे पाणी उंबऱ्याला लागलेले असेल. त्याला नगर दोषी ठरवील काय? कादंबरी मला येथे दिसते, माशाच्या गुणगानात नाही.

खाण्याविषयी माझे मत स्पष्ट आहे : लोक घुमरा खातील. आपल्याकडे चढणीचे मासे कोणी सोडते काय? आखाडात यथेच्छ खातील आणि श्रावण लागला की आपोआप थांबतील. उपकाराची जाणीव माणसाला असते, पण रश्शाचा वास आल्यावर ती फार वेळ टिकत नाही.

गळ आणि गप्पा:
राजाने नदीवर बंधारा बांधला आणि माशांची चढण कायमची थांबली, असेही एक उपकथानक घेता येईल.

वाडीचा घाट:
धरणाने थांबेल, पण कोल्हापुरी पद्धतीच्या बंधाऱ्याने नाही. त्याचे बरगे, म्हणजे पाणी अडवणाऱ्या फळ्या, पावसाळ्यापूर्वी काढले जातात आणि प्रवाह मोकळा होतो. मात्र बरगे वेळेवर निघाले नाहीत, तर मासे खालीच अडकतील. वरच्या बाजूच्या शेतकऱ्याला आणखी आठ दिवस पाणी अडवून हवे असते आणि खालच्याला बरगे कालच काढायला हवे होते, हा वाद लिहिण्यासाठी फारशा कल्पनाशक्तीची आवश्यकता नाही.

पाणकावळा (कोल्हापूर):
आपणा सर्वांचा मी ऋणी आहे. राजाराम बंधाऱ्यावर पाणी ३९ फुटांवर गेले की इशारा आणि ४३ फुटांवर धोका, हे आकडे लहानपणापासून ऐकत आल्यामुळे पूर म्हणजे पट्टीवर वर चढणारी एक रेघ, असेच माझ्या मनात बसले होते. पाणी कोठून आले यावर माशाचे वागणे ठरेल, हे मला सुचले नव्हते. आषाढात टेंबलाई देवीला नदीचे नवे पाणी वाहण्याची आपली रीत आहे, तिच्यावर बेतलेला एक सण तिसऱ्या प्रकरणात आहे. आता त्या सणाचा दिवस पंचांगावरून ठरणार नाही, पहिला घुमरा घुमला की दुसऱ्या दिवशी सण होईल. फुगवट्याच्या वर्षी लोक त्या सणाची वाट पाहत असतानाच पाणी येईल.

एक शंका उरते. नवे पाणी दिवसाही येते, मग घुमऱ्याने केवळ रात्रीच घुमावे काय?

शिंगटी:
मिडशिपमन रात्री घुमतो. घुमऱ्यालाही रात्रच द्यावी. दिवसभर पाणकावळे आणि बगळे डोहावर टपलेले असतात. आपल्या टोपणनावाच्या पक्ष्याला भिऊनच तो दिवसा गप्प राहतो, असे लिहिता येईल.