आजोबांचा जबाब पावरीत, कागद मराठीत: भाषांतर कसं करावं?

अक्राणीकर:
वनहक्काच्या दाव्याला, म्हणजे कसत असलेल्या वनजमिनीवर कायद्याने हक्क मागायला, किमान दोन पुरावे लागतात. त्यातला एक गावातल्या वडीलधाऱ्याचा लेखी जबाब असू शकतो. आजोबा पावरी (सातपुड्यातल्या पावरा आदिवासींची भाषा) बोलतात, गावच्या वनहक्क समितीचा सचिव मराठीत लिहितो. मधे अर्थ सांडू नये म्हणून काय करायचं?

तापीकाठ:
दादा, पान उभं दुमडा. डावीकडे म्हातारबाबांचे शब्द जसेच्या तसे देवनागरीत, उजवीकडे मराठी. एकेका वाक्याला थांबवा. दहा मिनिटं ऐकून मग लिहिलं की तो सारांश होतो. शेवटी मूळ न ऐकलेल्या माणसाला मराठी बाजू परत पावरीत सांगायला लावा. चूक तिथेच सापडते. प्रत्येक पानावर अंगठा, दुभाष्याचं नाव नि सही. जबाब देणारा दावेदार स्वतः चालत नाही.

पांझराकाठ:
सगळ्यात घातक शब्द ‘अतिक्रमण’. म्हातारा म्हणतो आम्ही वावर खेडतो (कसतो), सचिव हात बसल्यासारखा लिहितो ‘अतिक्रमण करून शेती करतो’. स्वतःच्याच दाव्यात गुन्हा कबूल! ‘खेडतो’ला ‘खेडतो’च लिहा.

साक्रीकडे अहिराणीत सांगतात, ‘आमना आजाना वखतपाईन’. त्याचं ‘पूर्वीपासून’ केलं की आजा गेला, पिढी गेली. ‘आमच्या आजाच्या काळापासून’ असंच हवं. आदिवासी दावेदाराला १३ डिसेंबर २००५ आधीचा ताबा दाखवायचा असतो, त्यामुळे त्याचं ‘पूर्वीपासून’वर एकवेळ निभावतं. बिगर-आदिवासींना मात्र तीन पिढ्या, म्हणजे ७५ वर्षांचा रहिवास दाखवावा लागतो. तिथे आजा गाळून कसं चालेल?

अक्राणीकर:
आणि जमीन कधीपासून खेडतात ते साल? आजोबा ‘दुष्काळात’ एवढंच म्हणतात.

तापीकाठ:
‘दुष्काळात’ हेच लिहा. कोणता दुष्काळ ते त्यांनाच विचारा. लग्न झालेलं का, थोरला पोरगा केवढा होता. उत्तरही जबाबात घ्या. दुभाष्याने मनाने १९७२ घालायचं नाही. तसंच जमीन केवढी याला ते ‘दोन मण बी पडतं’ म्हणाले, तर त्याचे एकर करू नका. मोजणीत वेगळा आकडा आला की अख्खा जबाब संशयात. (हक्क कमाल ४ हेक्टरवर मिळतो, नेमकं क्षेत्र मोजणीचा नकाशा ठरवेल.)

सातपुडा_७:
दाव्याच्या नामंजुरीचं पत्रही दावेदाराला त्याच्या भाषेत वाचून दाखवा, आलं त्याच दिवशी. ‘त्रुटी’ असो की ‘नामंजूर’, घरात दोन्हीला ‘कागद परत आला’ म्हणतात. त्रुटीत कागद जोडायचे. नामंजुरीत ६० दिवसांत वरच्या समितीकडे जायचं, फार तर आणखी ३० दिवस वाढवून मिळू शकतात, तेही समितीच्या मर्जीवर.