जुन्या डीटीपी फॉन्टसंचांनी मराठी मजकूर कोंडून ठेवला

पानजुळणी:
एका संस्थेचा 1999 चा दिवाळी अंक पुन्हा छापायचाय. पेजमेकर या पानं लावायच्या जुन्या सॉफ्टवेअरची फाइल उघडली, तर पानभर रोमन अक्षरं आणि चिन्हांचा चिखल. फॉन्ट नाही, प्रिंटरच्या पोर्टला लावायचं त्याचं लॉकही हरवलेलं. 160 पानं पुन्हा टाइप करतोय. फॉन्टमध्ये रोमन अक्षरांच्या जागांवर मराठी अक्षरं बसवताना प्रत्येक कंपनीनं क्रम आपापला ठेवला, म्हणून हे भोगतोय. मजकूर साठवायला इस्की हे भारतीय मानक 1991 पासून होतं की!

बटरपेपर:
दादा, मी 1994 पासून ऑपरेटर आहे, हे मला पटत नाही. इस्कीत साठवाल हो, पण पेजमेकरला फक्त फॉन्टमधल्या जागा कळायच्या. त्या जेमतेम 256, त्यातल्याही सगळ्या वापरता येत नव्हत्या. तेवढ्यात अर्धी अक्षरं, जोडाक्षरं, रफार-अनुस्वार एकत्र आणि पहिली वेलांटी तीन-चार रुंदीची, म्हणजे 'कि' आणि 'णि' दोन्हींवर कमान नेमकी कान्यापर्यंत पोचावी. ही कारागिरी होती. पुण्याची श्रीलिपी, सरकारी संगणक संस्था सी-डॅकचं आयएसएम अशी मराठी टाइपिंगची फॉन्टसह सॉफ्टवेअरं नसती तर तालुक्याच्या गावी साप्ताहिक निघालं असतं का? खिळ्यांच्या छापखान्यात मथळ्याला दोन-तीन वळणं मिळायची, इथे डझनावारी मिळाली.

मेधा_पुणे:
कारागिरी मान्य, काका. पण युनिकोडमध्येही, म्हणजे सगळ्या लिप्यांच्या अक्षरांना ठरलेले क्रमांक देणाऱ्या जागतिक मानकात, देवनागरी 1991 लाच आली होती.

बटरपेपर:
आली, पण टाइप कुठे करणार होतो? विंडोजमध्ये देवनागरी 2000 साली आली. पेजमेकरची शेवटची आवृत्ती 2001 ची, तिलाही युनिकोड कळत नव्हतं. पानं लावायचं नवं सॉफ्टवेअर इनडिझाइन, त्यानं आपली जोडाक्षरं नीट जुळवली ती 2012 च्या सीएस6 आवृत्तीत. तोवर अंक थांबवायचे होते?

पानजुळणी:
थांबवायचे नव्हते. पण कोणत्या जागेवर कोणतं अक्षर, एवढा तक्ता ग्राहकाला द्यायला काय हरकत होती? फॉन्ट विकत घेतला होता, मजकूर तर आमचाच होता. आज 'एक टाइप' या संस्थेचा मुक्ता हा मुक्त युनिकोड फॉन्ट बारीक ते ठळक अशा सात वजनांत फुकट मिळतो, पण माझी 160 पानं त्यात उघडत नाहीत.

बटरपेपर:
तक्त्याचं खरं आहे, तो द्यायलाच हवा होता. बाकी माझं मत तेच. टाइपिंग थांबवा आणि त्या चिखलातली एक ओळ इथे जशीच्या तशी चिकटवा. पहिल्या वेलांटीच्या जागी कोणतं चिन्ह येतंय त्यावरून संच ओळखतो.