मदत हवी आहे : जिवावरच्या प्रसंगांवरची पुस्तकं सुचवा

मंडळी, भाचा पोलीस भरतीच्या तयारीत आहे. त्याच्यासाठी पोलीस, युद्ध आणि विमान अशा क्षेत्रांतली पुस्तकं हवीत. शौर्याची नुसती भाषणं नकोत, त्या घटकेला माणसाने नेमकं काय केलं ते हवं.

२६/११ ला गिरगाव चौपाटीपाशी तुकाराम ओंबळे यांनी कसाबच्या रायफलची नळी धरली, गोळ्या लागूनही सोडली नाही. २००९ मध्ये हडसन नदीत विमान उतरवल्यावर कॅप्टन सलनबर्गर पाणी शिरलेल्या केबिनमध्ये पुन्हा फिरले, कुणी मागे राहिलंय का बघायला. १५५ जण वाचले. १९४८ मध्ये काश्मीरच्या युद्धात राजौरीच्या वाटेवर लष्करी अधिकारी रामा राघोबा राणे रणगाड्याखाली सरपटत, दोरीने चालकाला खुणा करत पुढे गेले. हे तपशील वाचून मी थरारले!

मराठी किंवा अनुवादित, दोन्ही चालतील. जुनं असेल तर कुठे मिळेल तेही कृपया सांगा.