परदेशी नावांवरची टिंबं, शेपट्या इंग्रजीत लिहिताना ठेवायच्या का?

उद्यमबागवाला:
आमची कास्टिंगं जर्मनीला आणि स्वीडनला जातात, त्याची ईमेल, पॅकिंग लिस्ट, टेस्ट सर्टिफिकेट सगळं इंग्रजीत आम्हीच टाईप करतो. तिकडं एक म्यूलर साहेब आहेत (म्यूलर म्हणजे जर्मनीतले पाटीलच, गावोगाव सापडतात), त्यांच्या नावात यू च्या डोक्यावर दोन टिंबं असतात. आता आमच्या ऑफिसात एकजण टिंबं देतो, दुसरा साधा यू मारून मोकळा होतो आणि तिसरा यू च्या पुढं एक ई चिकटवतो, आणि साहेब तिघांनाही तेवढ्याच प्रेमानं उत्तर देतात, त्यामुळं खरं कुणाचं ते कळायला मार्ग नाही. इंग्रजी मजकुरात ही चिन्हं ठेवतात का काढतात? आणि ह्यांना मराठीत म्हणायचं तरी काय?

टिळकवाडीकर:
इंग्रजीत डायाक्रिटिक म्हणतात. मराठीत कोण स्वरचिन्ह म्हणतं, कोण उच्चारचिन्ह. मला दुसरं बरं वाटतं कारण फ्रेंच-पोर्तुगीजमधे सी च्या खाली शेपटी असते आणि सी काय स्वर नव्हे.

आता तुमच्या ऑफिसातले तिघे. टिंबं देणारा बरोबर. ई चिकटवणारापण बरोबर, त्याला उगच हसू नका, कारण ती दोन टिंबं म्हणजे मुळात ई च आहे. जुन्या जर्मन हस्तलिखितांत अक्षराच्या डोक्यावर बारका ई काढायचे, तो झिजत झिजत दोन टिंबांवर आला. म्हणून टिंबं टाईप होत नसतील तर जर्मन लोक स्वतःच यू-ई, ओ-ई, ए-ई असं लिहितात. पासपोर्टच्या फोटोच्या पानावर खाली मशीननं वाचायच्या दोन ओळी असतात बघा, त्यात ए ते झेड सोडून दुसरं अक्षरच चालत नाही, तिथं म्यूलर साहेब यू-ई नंच छापलेले असणार. चुकतोय तो मधला, साधा यू मारणारा. त्यानं चिन्ह काढलं पण त्याच्या जागी काय ठेवलंच नाही.

पण हाच नियम घेऊन स्वीडन-फिनलंडला जाऊ नका. तिकडची टिंबं दिसायला सेम, पण त्यांच्यात ती स्वतंत्र अक्षरं आहेत, स्वीडिशमधे तर झेड झाल्यावर शेवटी येतात, म्हणजे त्यांच्या यादीत ओ वर टिंबं असलेलं नाव ओ मधे शोधलं तर मिळायचं नाही. फॉर्म्युला वनवाला रायकोनेन घ्या. इंग्रजी पेपरात चिन्हं काढली तर त्याचे ए आणि ओ साधेच छापतात, मधे ई घुसडत नाहीत. तेव्हा माणूस कुठला ते आधी बघायचं.

खानापूरकर:
हे सगळं ठीक, पण इंग्रजी वाचणाऱ्याला त्याचा उपयोग काय हो? पोलंडमधे एक शहर आहे, इंग्रजीत चिन्हं काढून लिहिलं तर वाचणारा लॉड्झ म्हणतो. पोलिश लोक म्हणतात वूच, जवळजवळ. एल वर तिरकी रेघ असली की तो व होतो, ओ वर रेघ असली की उ होतो. आता छापली इंग्रजी पेपरात सगळी चिन्हं, तरी वाचणारा म्हणणार लॉड्झच! पोलंडचे माजी राष्ट्राध्यक्ष लेक वालेसा, त्यांचं तेच, त्यांच्या आडनावातल्या एल वरपण रेघ आहे, म्हणजे ल नव्हेच, तरी आमच्या मराठी पेपरांनी वर्षानुवर्षं वालेसाच छापलं आणि कुणाचं काय बिघडलं नाही. ज्याला कळतं त्याला चिन्हाशिवाय कळतं, ज्याला कळत नाही त्याला चिन्ह म्हणजे कागदावरचा माशीचा डाग. आणि आपल्या बेळगावच्या एल खाली कुणी कधी टिंब दिलंय? तरी पत्रं येतातच की.

टिळकवाडीकर:
पत्रं येतात हो, पण पुण्याहून आलेल्या पाहुण्याच्या मोबाईलमधली बाई अनगोळला काय म्हणते ते ऐकलंय का? अँगोल! आफ्रिकेत निघालाय वाटतं माणूस. टिळकवाडीची तिलकवाडी तर रोजची आहे. टिळकांचं आडनाव निम्मा भारत तिलक म्हणतो ते काय द्वेषानं नव्हे, इंग्रजी स्पेलिंगात ट ला आणि ळ ला कुठली खूणच नाही म्हणून. पंडित लोकांच्या रोमन लिपीत ट आणि ळ खाली टिंब असतं, पण ते पुस्तकात, बोर्डावर येत नाही.

आणि तुम्ही तर खानापूरचे, लोंढ्यावरनं गाडी धरून मडगावला किती वेळा जाता. मडगावचं पोर्तुगीज स्पेलिंग बघा कधीतरी. ड चा त्यांनी आर केला, ते सोडून द्या, पण शेवटी ए-ओ आणि ए च्या डोक्यावर लाट. ती लाट म्हणजे नाकातला उच्चार, आपण पूर्वी गांव वर अनुस्वार द्यायचो तोच. म्हणजे पोर्तुगिजांनी गांव बऱ्यापैकी पकडलं होतं. १९६१ ला ते गेले, कारभार इंग्रजीत आला, लाट गळाली आणि खाली उरलं ते बाहेरची माणसं मार्गाओ म्हणून वाचतात. आता म्हापसा. पोर्तुगीज स्पेलिंगात सी आणि खाली शेपटी, उच्चार स. नुसती शेपटी कापली असती तर गावाचं मापुका झालं असतं! पण तिथं कुणीतरी डोकं वापरलं आणि सी काढून सरळ एस घातला, चिन्ह गेलं तरी आवाज राहिला. मी म्हणतोय ते एवढंच, चिन्ह ठेवता येत असेल तर ठेवा, येत नसेल तर त्या भाषेत त्याच्या जागी काय चालतं ते बघून घाला, नुसतं खरवडून काढू नका.

आपल्या गावाच्या जुन्या इंग्रजी स्पेलिंगात शेवटी एम यायचा ना, तोपण त्या गांव वरचाच अनुस्वार.

निपाणीकर:
आला का एम वर विषय, आता बेळगाव का बेळगावी सुरू करू नका कृपा करून, त्याला दुसऱ्या जागा आहेत 😀 स्पेलिंगापुरतं बोलतो. १ नोव्हेंबर २०१४ ला कर्नाटकातल्या १२ शहरांची इंग्रजी नावं बदलली, त्यात आपलं आलं, हुबळीत एक बी, एक ए आणि एक एल वाढला, पण एकाही नावात टिंब नाही का रेघ नाही. ळ होता तिथं साधा एलच.

आणि लिपी बदलली की काहीतरी सांडतंच. कन्नडमधे ऱ्हस्व ए आणि दीर्घ ए वेगवेगळे. बेळे ऱ्हस्व म्हटलं तर पीक, दीर्घ म्हटलं तर डाळ. बिसी बेळे बात मधली ती डाळ. इंग्रजीत दोन्ही एकच, आणि आपल्या देवनागरीत लिहिलं तरी दोन्ही एकच! तेव्हा फक्त इंग्रजांनाच नावं ठेवायची कशाला.

टिळकवाडीकर:
मान्य, पण आपण मराठीवाल्यांनी पाहुण्या आवाजांसाठी चिन्ह घेतलंय की. बॅट, बॉल, कॅम्प, ह्यावरचे चंद्र इंग्रजी शब्दांसाठीच आले. आज कुणी कँप चा कांप केला तर चालवून घ्याल का? स्वतःच्या घरात तर आपण फारच कडक. दर्या म्हणजे समुद्र आणि दऱ्या म्हणजे डोंगरातल्या, फरक त्या अर्ध्या र च्या आकाराचा. आचार्यांना दक्षिणा आणि आचाऱ्यांना पगार, इथं र बदलला तर लग्नघरात भांडण. मग स्पॅनिश माणसानं एन वरच्या लाटेसाठी हट्ट धरला तर त्याला किरकोळ का म्हणायचं? पेन्या आडनावाची लाट काढली की पेना राहतं आणि त्याचा अर्थ दुःख. वर्ष ह्या शब्दाची लाट काढली तर काय होतं ते इथं लिहीत नाही, स्पॅनिश शिकलेल्या पोरांना विचारा, हसतील.

एक मात्र आहे, इंग्रजीचं स्वतःचं नाव असेल तिथं चिन्हाचा प्रश्नच नाही. म्यूनिक, कोलोन, व्हिएन्ना बिनधास्त लिहा, जर्मन नावं लिहायला जाऊ नका. झुरिकचं दोन्ही चालतं, स्वित्झर्लंडच्या लोकांना टिंबं आवडतात, इंग्रजी पेपर बहुतेक काढतात. तुर्कस्ताननं तर २०२२ मधे संयुक्त राष्ट्रांकडनं यू वरच्या दोन टिंबांसकट नाव मान्य करून घेतलं, देशच मागतोय म्हटल्यावर निदान सरकारी पत्रात तरी द्यायला पाहिजेत.

आणि अर्धवट करू नका. एकाच पानावर एम्बाप्पेच्या शेवटच्या ई वर रेघ आणि शेजारी मॉड्रिचच्या सी वर काय नाही, हे मला लई खटकतं. म्हणजे फ्रेंच ते शहाणे आणि क्रोएशियाचे काय?

खानापूरकर:
जोकोविचचं सांगा मग. त्याच्या नावातल्या डी ला आडवी रेघ आहे, तिच्या जागी तो इंग्रजीत डी-जे लिहितो, आणि शेवटच्या सी वरची रेघ सोडूनच देतो. माणूसच अर्धवट करतोय.

टिळकवाडीकर:
नाव त्याचं आहे, तो करू शकतो. आपण त्याचं बघून तसंच लिहायचं.

उद्यमबागवाला:
कळलं. पण एक अडचण राहिली, टिंबं दिली की आमच्या जुन्या सॉफ्टवेअरमधनं प्रिंट काढल्यावर म्यूलरच्या पोटात ए वर लाट आणि शेजारी चक्क पाव, म्हणजे एक छेद चार, असं छापून येतं. आणि बँकेत काय करायचं?

निपाणीकर:
तो पाव म्हणजे एन्कोडिंगचा घोळ, एकानं युटीएफ-८ मधे (सगळ्या भाषांची अक्षरं साठवायची आजची पद्धत) लिहिलं आणि दुसऱ्यानं जुन्या पद्धतीनं वाचलं की एका अक्षराची दोन होतात. सॉफ्टवेअरवाल्याला सांगा, पाच मिनिटाचं काम असेल किंवा पाच महिन्यांचं. बँकेत वाद घालू नका. स्विफ्टच्या, म्हणजे बँका एकमेकींना निरोप पाठवतात त्या यंत्रणेच्या, जुन्या मेसेजात टिंबवाली अक्षरं बसतच नाहीत, त्यामुळं एलसीत (बँकेच्या पैशाच्या हमीपत्रात) नाव यू-ई नं आलं असेल तर इनव्हॉइसवर, बिल ऑफ लेडिंगवर (जहाजात माल चढवल्याच्या पावतीवर) सगळीकडं यू-ई च ठेवा. तिथं उच्चार गेला खड्ड्यात, कागदाला कागद जुळला पाहिजे. ईमेलमधे मात्र टिंबं द्या, मोबाईलवर यू दाबून धरला की वर येतात.

उद्यमबागवाला:
बरं, शेवटचं. ड्रॉईंगवर रोंटगेनप्रूफुंग लिहिलंय, त्यात ओ वर पण टिंबं आणि यू वर पण. सर्टिफिकेटवर तसंच घ्यायचं का?

टिळकवाडीकर:
ते नाव नव्हे हो, साधा शब्द आहे, एक्स-रे तपासणी. रेडिओग्राफिक टेस्ट लिहा आणि मोकळे व्हा. रोंटगेन हे एक्स-रे मोजायचं एकक म्हणून आलं तर इंग्रजीत ओ-ई नं लिहायची जुनी पद्धत आहे, तीच ठेवा.

खानापूरकर:
म्हणजे ज्याचं नाव त्याच्या टिंबांची एवढी काळजी, आणि एक्स-रे शोधणाऱ्या बिचाऱ्या रोंटगेनचं एकक झालं तर टिंबं गेली. मला अजून पटलेलं नाही.